शिक्क्याखालचं व्याज

ती. देवराममामांना,

वाल्मीकचा दोन्ही हात जोडून नमस्कार. (हात धुतलेत, कागदाला ग्रीस लागणार नाही.) मामींचा गुडघा काय म्हणतो? बागेची छाटणी उरकली असेलच. इकडं सातपूरला सगळं ठीक. कारखान्यातला लेथ चालतो, मीही चालतो आणि हर्षाली आम्हा दोघांना चालवते.

मामा, आपण केस जिंकलो! द्वारका चौकातल्या धनराजशेठनं पंपाचे शाफ्ट नेले, चार लाख वीस हजारांचं बिल बुडवलं आणि सात वर्षं आपल्याला कोर्टाच्या पायऱ्या झिजवायला लावल्या, तीच केस. तुम्ही म्हणाल, स्वतःचेच पैसे परत मिळाले, त्यात नाचायचं काय? पण मुद्दल तर सगळं लोखंडवाल्याच्या देण्यात जाणार होतं. धंदा तगवायला हर्षालीनं बँकेत गहाण टाकलेल्या पाटल्या सुटायच्या तर त्या व्याजातूनच. सात वर्षं ती काचेच्या बांगड्यांवर राहिली आणि त्याबद्दल एक शब्द बोलली नाही. (बाकी सगळं बोलली.)

आणि ते व्याज घालवायला निघालेला गाढव मीच! झालं असं की बिलबुकं छापताना हर्षालीनं खाली एक ओळ टाकली होती, तीस दिवसांत पैसे न आल्यास दरसाल दरशेकडा चोवीस टक्के व्याज. वाचूनच मला घाम फुटला. गिऱ्हाईक म्हणजे देव, आणि नैवेद्याच्या ताटाखाली कोणी दमदाटीची चिठ्ठी ठेवतं का? म्हणून मी गुपचूप गंगापूर रोडवरून एक झकास रबरी शिक्का करून आणला, ‘आभारी आहोत’, भोवती वेलबुट्टी, आणि प्रत्येक बिलावर नेमका त्या ओळीवर दाबून मारत गेलो. शाई जांभळी, हात सढळ. गिऱ्हाइकं खूश व्हायची. धनराजशेठ तर इतका खूश झाला की पैसेच दिले नाहीत.

कोर्टात त्याचा वकील बिल नाचवत म्हणाला की आमच्या अशिलाला अट दिसलीच नाही, फक्त आभार दिसले. न्यायाधीशबाईंनी बिल उजेडाकडं धरलं, तिरपं केलं, चष्मा काढून पाहिलं, चष्मा घालून पाहिलं. मग मागच्या बाकावरून हर्षालीनं माझ्याकडं पाहिलं. अहो, फाशीची शिक्षासुद्धा त्यापेक्षा मायाळू वाटली असती! पण आपल्या वकीलबाई, मंजुषाताई, भलत्या खमक्या. त्यांनी ठासून सांगितलं की अट दिसो न दिसो, व्यवहार धंद्याचा आहे. दुसऱ्याचा पैसा इतकी वर्षं फिरवला, तर वाजवी व्याज द्यायचा अधिकार कोर्टाला आहेच. आणि दिलं की हो! चोवीस नाही, पण नऊ टक्के, दावा लावल्या दिवसापासून. दोन लाख चौसष्ट हजार सहाशे रुपये! (उरलेले पंधरा टक्के शिक्क्यानं खाल्ले. तो हिशेब घरात रोज निघतो, तुम्ही नका काढू.)

परवा पैसे खात्यात आले, काल पाटल्या सुटल्या. रात्री त्या घालून तिनं चहा केला, तर कपबश्या उगीचच वाजत होत्या. मी तीनदा चहा मागितला. मामा, खोटं कशाला सांगू, डोळे भरून आले.

एक मात्र शिकलो. दुसऱ्याचा पैसा वापरला की त्याचं भाडं द्यायलाच हवं. व्याज मागण्यात लाज कसली? लाज वाटावी ती बुडवणाऱ्याला.

मामींना नमस्कार, गुडघ्याला आराम.

तुमचा भाचा,
वाल्मीक

ता. क. वकिलाच्या फीसाठी तुम्ही सात वर्षांपूर्वी दिलेले पन्नास हजार पुढच्या महिन्यात आणून देतो. तेव्हा तुम्ही ‘जमेल तसे दे’ म्हणाला होतात, म्हणजे तारीख ठरलेली नव्हती. शिवाय मामा-भाच्यातला व्यवहार काही धंद्याचा नसतो, हे तुम्हालाही पटेल. तेव्हा वर व्याजाबद्दल जे लिहिलंय ते फार मनावर घेऊ नका.

ता. क. दुसरा. मामा, मी हर्षाली. पाकीट चिकटवायला माझ्याकडं देऊन हे चहाला गेलेत. सोबत एक्क्याऐंशी हजार पाचशेचा चेक ठेवलाय. पन्नास मुद्दल आणि बाकीचं सात वर्षांचं व्याज, नऊ टक्क्यांनी. परत पाठवलात तर दावा लावीन. यावर शिक्का मारायला हवा होता, पण तो मी कालच भंगारात घातला. म्हणून हातानं लिहिते, तुम्ही नसतात तर या हातांत अजून काचेच्याच बांगड्या असत्या. आभारी आहोत.