माडीवरचा काळा डाग

थोरल्या बाईस,

तुमच्या धाकट्या जावेचा नमस्कार. तुमी गेल्यापासून घरात मला तोंडाला तोंड देणारं कुणी उरलं न्हाई, म्हणून कागद घेतलाय. आज नातसुनेनं लेकराला माडीवर निजवलं, तुमच्याच जागेवर. हे तुमाला कळायला नको का?

तुमी तिला पाहिलं न्हाई. प्रियंका, आपल्या गजाननची बायको, पालमची. कामाला चांगली, पण भित्री लय. बाळंतपण करून माहेराहून आली अन् माडीवर पाय ठेवीना. का, तर फळ्यांवर काळा डाग हाय. तुमी गेल्यावर दहाव्यापर्यंत दिवा तिथंच ठेवला होता ना? कुण्या शहाणीनं तिच्या कानात घातलं, म्हातारीचा जीव तिथं गेला, त्याचाच हा डाग.

बाई, दात गेल्यापासून तुमी त्या जागेवर किती पान कुटलं? लोखंडी खलबत्ता तिथून हलला न्हाई. पाणी सांडायचं, कात सांडायचा. मी म्हणायचे, "खाली पोतं तरी टाका." तुमी म्हणायच्या, "सागवान हाय ते, तुझ्यासारखं नाजूक न्हाई." बघा आता.

म्हणलं, घासून काढू. तारेची घासणी घेतली, पाणी ओतलं, कंबर मोडेस्तोवर घासलं. सकाळी बघते तर डाग परातीएवढा झालेला. प्रियंका दारातच थबकली.

"आजी, हे तर वाढायलंय."

तिनं उभ्या उभ्या भावाला फोन लावला, मला न्यायला ये म्हणून. गजाननचं तोंड एवढुसं झालं. लेकराला धड मांडीवर घेतलं नव्हतं त्यानं अजून.

भाऊ येईस्तोवर ती लोणच्याची लिंबं चिरत बसली. मधीच म्हणली, "आजी, हिकडं बघा." विळीचं पातं पाटात रोवलंय ना, तिथं लाकूड काळं पडलेलं. अन् लिंबाचा रस गळला तिथं उजळ.

"लोखंडानं काळं होतंय का हो हे?"

मी कपाळाला हात लावला. खलबत्ता लोखंडाचा, घासणीची तारबी लोखंडाची!

मग दोघी माडीवर गेलो. लिंबाची फोड अन् मीठ चोळायचं, जरा दम धरायचा, ओल्या फडक्यानं पुसायचं, वाळू द्यायचं, पुन्हा चोळायचं. लोणचं राहिलं बाजूला. भाऊ आला तर ही म्हणते, "थांब दादा, एवढं होऊ दे." तो चहा पिऊन एकटाच परत गेला.

फळ्या वाळल्यावर जवसाचं तेल लावलं. आता ती जागा बाकीच्यांहून जरा फिकीच दिसते. तुमची खूण गेली म्हणून रुसल्या का? रुसा. लेकराला निजायला जागा पाहिजे.

एक शब्द देते. "झोप, न्हाईतर माडीवरची म्हातारी येईल," असं ह्या लेकराला कुणी भ्या दाखवायलं, तर त्याला मी सोडणार न्हाई. तुमी कशा होत्या ते मीच त्याला सांगीन. सगळ्या शिव्यांसगट.

तुमची जाऊ,
इंदू
वालूर