सतरंजीची डावी बाजू

प्रिय माधव गुरुजी,

तुम्ही गेल्यापासून आज पहिल्यांदा लिहितोय. दुपारी नायगावात बैठक आहे. आपला पक्ष मोठ्या पक्षात विलीन करायचा ठराव येणार.

तुम्ही लातूरला इतिहास शिकवायचात. सुट्टीत गावी आलात की माझ्या सायकलच्या दुकानात बसून फ्रान्समधल्या त्या छोट्या पक्षाची गोष्ट सांगायचात. ना पुरता डावा, ना पुरता उजवा. फुटला, अर्धे इकडे, अर्धे तिकडे. पुन्हा एक झाला, पुन्हा फुटला. मी सातवी शिकलेला. विचारायचो, "मग तो अजून मेला कसा न्हाई?"

"रंगनाथ, हात त्यानं सगळ्यांशी मिळवला. पण कुणी ना कुणी नाव धरून बसलं!"

तिथं सभागृहात बसण्यावरून डावे-उजवे ठरले, म्हणून तुम्ही नियम केलात, आपल्या बैठकीतही हात वर करायचा नाही. ठराव मान्य असेल तो सतरंजीच्या उजवीकडे, नसेल तो डावीकडे, मन ठरत नसेल तो मधे. मी आयुष्यभर मधेच बसलो. तुम्ही कधी हसला नाहीत.

पण गुरुजी, चिन्ह दर निवडणुकीला बदलतं, हे ठाऊक असून भिंतींवरची जुनी कपबशी का पुसू दिली नाहीत? म्हणे, लोक आपल्याला ओळखतात! त्या खेपेला आपल्याला मिळाली शिडी, अन् आपली मतं गेली कपबशीवाल्या अपक्षाला. अजून जीव चरफडतो!

आता तुमचा पुतण्या संजय अध्यक्ष आहे. काल दुकानात आला. "काका, नाव काय चाटायचं हाय का? नुसतं नावच तर सोडा म्हणून राहिलेत ते."

"नुसतं नावच हाय, तर त्यायला ते खुपून कशाला राहिलंय?"

तो म्हणाला, "तुमचं काय, तुम्ही मधीच बसणार!" दुकानात बसलेले सगळे खो खो हसले.

एकजण जरी डावीकडे बसला तरी नाव सोडायचं नाही, हा नियम तुमचाच. पण तो एकजण मी असेन, असं तुम्हाला तरी वाटलं होतं का? आवाज कापला तर? कुणी बोललंच नाही माझ्याशी तर?

कापू दे. बोलायचं कुठंय, बसायचंच तर आहे. शब्द देतो गुरुजी, सगळ्यांच्या आधी जाऊन डावीकडे मांडी घालीन. माझे गुडघे तुम्हाला ठाऊक आहेत. एकदा बसलो की दोघांनी धरल्याशिवाय मला उठता येत नाही. आज कुणी धरायला आलं तरी हात देणार नाही.

तुमचा,
रंगनाथ सायकलवाला