बिनगाठीचा झगा

३ ऑक्टोबर १९७४, हॅलिफॅक्स

पोचले एकदाची. टोरोंटोच्या सोलोमनभाऊंनी बजावलं होतं की तिकडे जातेस खरी, पण आपल्या बेने इस्रायल ज्यूंचं एक घर सापडायचं नाही. न सापडू दे. बंदर आहे, मासळी आहे, पनवेलच्या बाईला आणखी काय हवं? उतरल्या दिवशीच फेरीबोटीने पलीकडे जाऊन आले. वारा असा की डोक्याचा रुमाल समुद्रात गेला, तरी हसूच येत होतं.

नोकरी एका जुन्या लाकडी घरात आहे, ज्याचं आता म्युझियम केलंय. राहायला तिथलाच बेसमेंट. हीटर चालतो, वॉशरूम स्वतंत्र. काम शिवणाचं. घरात दोनशे वर्षांपूर्वीचे बायकांचे तीन झगे आहेत, ते उजेडाने विरत चाललेत. त्यांच्या हुबेहूब नकला मी शिवायच्या. मार्चमध्ये नोकरी पक्की झाली की म्युझियम पत्र देईल आणि त्या पत्रावर माझी जेमिमा इथे येईल. सतरा वर्षांची पोर, मावशीकडे ठेवून आलेय. सगळी धडपड त्या एका कागदासाठी.

७ ऑक्टोबर

घर सांभाळणाऱ्या बाई म्हणजे मिसेस क्रोवेल. नाकावर माशी बसू देत नाहीत. माझं नाव विचारायच्या आधी हात उलटेसुलटे करून पाहिले. माझा डबा बाहेर, कोटही बाहेर. मसाल्याचा वास कापडाला लागतो म्हणे.

झगे मात्र बघत राहावे असे. पहिला १७७५चा, हिरव्या रेशमाचा. कमरेच्या दोन्ही बाजूंना वेताचे सांगाडे, त्यामुळे दारातून आडवं होऊन जावं लागे. आत देवमाशाच्या हाडाच्या पट्ट्यांची चोळी, दोरीने फासळ्या आवळणारी. दुसरा दहा वर्षांनंतरचा. सांगाडे गेले, नुसता मागे फुगवटा राहिला. तिसरा १७९७चा. त्यात पट्ट्या नाहीत, फुगवटा नाही, कंबर वर चढत छातीखाली आलेली, आणि कापड पांढरी मलमल, तीही आपल्या हिंदुस्थानची. इतकी पातळ की मला आधी परकरच वाटला. वीस-बावीस वर्षांत या बायकांनी एकेक थर उतरवत आणला. मिसेस क्रोवेल म्हणाल्या की फॅशन बदलली म्हणून झगा कुणी टाकत नसे. आईचा उसवून मुलीच्या अंगाचा करत. यात मला नवल वाटलं नाही. आम्ही तरी काय वेगळं करतो?

१५ ऑक्टोबर

इथला नियम, दोऱ्याला गाठ मारायची नाही. गाठीने जुनं कापड फाटतं, आणि नक्कल अस्सलासारखीच हवी. माझा हात अडखळला. बिनगाठीची शिवण मला ठाऊक आहे. ईव्हामावशी पनवेलला आमच्या लोकांची कफनं शिवते, तिच्याच हाताखाली मी शिकले. कफनाला गाठ नसते. मेलेल्याला इथे बांधून ठेवायचं नाही म्हणून. जिवंत माणसाच्या कपड्याला मात्र गाठ हवीच. हे झगे पुतळ्यावर चढवून मांडायचे, पुतळ्याला काय त्याचं, असं मनाला सांगितलं, तरी प्रत्येक शिवणीत एक बारीक गाठ लपवतेच.

आज तो कापडी पुतळा कापूस भरून तयार केला. माप कुणाचं घ्यायचं ते कुणी सांगितलं नव्हतं. मी जेमिमाचं घेतलं. छाती, कंबर, पाठ, सगळं तोंडपाठ आहे, तिचा प्रत्येक फ्रॉक मीच शिवलाय. काम झाल्यावर पुतळ्याच्या पाठीवरून हात फिरवला आणि रडू आलं. मिसेस क्रोवेलनी टेप लावून पाहिला, हे माप कुणाचं म्हणून विचारलं. मी कौतुकाने सांगितलं. त्या पहिल्यांदाच हसल्या.

६ नोव्हेंबर

माझ्या गाठी सापडल्या. मिसेस क्रोवेलनी एकेक कापून बशीत घातल्या आणि ती बशी माझ्या चहाशेजारी ठेवली. पुन्हा असं झालं तर मार्चच्या पत्राचं विसर, म्हणाल्या. गरजवंताला अक्कल नसते. हिरवा झगा सबंध बिनगाठीचा शिवला. पुतळ्याला चोळी चढवून दोरी आवळली. त्या शेजारी उभ्या राहून आणखी, आणखी म्हणत होत्या. मीही आवळत गेले. चीड कुणावर तरी काढायची होती.

२८ नोव्हेंबर

मावशीचं पत्र आलं. जेमिमा कॉलेजात चक्कर येऊन पडली. श्वास पुरेना. फासळ्यांवर उभे लाल वळ, पट्टी मारल्यासारखे. डॉक्टरांना काही कळत नाही. दिवस, सहा नोव्हेंबर.

ही वही उलटून पाहिली. योगायोग असेल. असणारच.

वर जाऊन चोळीची दोरी सोडली.

१५ डिसेंबर, रविवार

शनिवारी, शब्बाथला, मी सुई धरत नाही, हे इथे सगळ्यांना माहीत आहे. शुक्रवारी दुपारी मी शिवलेले दोन्ही झगे, हिरवा आणि मधल्या दिवसांत झालेला दुसरा, पार उसवून ठेवले होते. आज पाहते तो दोन्ही जोडलेले. गाठ एक नाही. टाके डावखुऱ्या हाताचे, उलटे कललेले. या घरात डावखुरी मीच.

मिसेस क्रोवेल म्हणाल्या, काल दिवसभर मान वर न करता छान काम केलंस.

मला कालचं आठवतं ते एवढंच, की मी बेसमेंटमध्ये तेहिल्लीम, आमची स्तोत्रं, वाचत होते. बोटांना सुईच्या टोचण्या आहेत. मला भीती वाटतेय, आणि ती लिहून कमी होत नाही.

६ जानेवारी १९७५

तार. जेमिमाचं अंग गार. ताप नाही. तीन गोधड्या पुरत नाहीत.

पनवेलला, गोधड्या.

वर पांढरी मलमल अर्धी शिवून झालीय. मी तिला हातही लावलेला नाही. पांढरं कापड, गाठ नाही, माझ्या लेकीचं माप. हे काय आहे ते मला कुणी सांगायला नको. अशी मी मावशीबरोबर चाळीस शिवलीत.

८ जानेवारी

बॅग भरून बस डेपोपर्यंत गेले. परत आले. मी गेले तर दुसरी शिवणारी येईल, माप तेच राहील.

कात्री लावली होती. थांबले. दोरी आवळली तेव्हा वळ उठले. कापलं तर —

९ जानेवारी

गाठ मारली. माझ्या डोळ्यांदेखत सुटली. पुन्हा मारली. पुतळ्याचा कापूस उपसून काढला, तरी झगा तसाच उभा, छाती, कंबर, पाठ, तिचीच. फक्त खालची दुमड राहिलीय.

१३ जानेवारी

कफन कुणाचं ते मापावरून ठरतं. मग माप बदलायचं. शिवणीत माया, आत दुमडलेलं जास्तीचं कापड, भरपूर आहे. उसवतेय. माझी छाती, माझी कंबर, माझी पाठ. जागी आहे तोवर हात माझा आहे.

बिनगाठीच. मुद्दाम.

१६ जानेवारी

घातला. बरोबर बसला.

२० जानेवारी

तार. जेमिमा बरी. उठून बसली, पेज प्याली.

देवा, तुझे उपकार.

झगा अंगातून निघत नाही. वरून स्वेटर, कोट, ब्लँकेट. काही लागत नाही. हीटरवर हात ठेवला, कातडी लाल झाली, ऊब नाही. चालेल. ती पेज प्याली.

२२ जानेवारी

मिसेस क्रोवेल खाली आल्या. माझ्याकडे बघून रागावल्या नाहीत. पत्र दिलं म्हणाल्या, मार्चची वाट कशाला. जेमिमाच्या नावाने, सहीशिक्क्यासह, पोस्टात पडलंसुद्धा.

मग माझ्या खांद्यावरची शिवण चिमटीत धरून पाहिली.

"आईचा झगा मुलीला होतोच, फ्लॉरेन्स. जरासा आत घेतला की झालं."

२३

उजव्या हाताने लिहितेय. डावा ऐकत नाही. सुई शोधतो, नाहीतर पेन —

मावशीला तार करायची आहे. जिना चढवत नाही. मावशी, पत्र फाड. जेमिमाला पाठवू नको. व्हिसा आला तरी. मी स्वतः बोलावलं तरी —

पेन त्या हाताने घेतलं —

प्रिय जेमिमा, मी मजेत आहे. मिसेस क्रोवेल फार प्रेमळ आहेत. तुझं माप त्यांना पाठ झालंय. तू आता लवकर