वन्संची मेंदी

७ जुलै, सोमवार
उपास. वन्सं सकाळीच चिंचपोकळीहून चालत आल्या. मागे मास्तर, हातात क्लॅरिनेटची पेटी. पोलिसांचा फोन आला म्हणे. वन्संच्या पहिल्या यजमानांच्या, अण्णांच्या पुतण्याने, दीपकने, तक्रार दिलीय : काकूने दुसरं लग्न लपवून अण्णांची पेन्शन खाल्ली. अण्णा जाऊन बारा वर्षं, मास्तरांशी लग्न गेल्या तुळशीच्या लग्नानंतरचं. पेन्शन येत राहिली, हे खरं. दुसरं लग्न केलं की ती बंद होते, हे वन्संना कुठे ठाऊक? मलाही नव्हतं. आणि दीपकचा वेगळा निरोप, "अण्णांची खोली माझ्या नावावर करा, तक्रार मागे घेतो."
हे म्हणाले, "ताई, लपवून? लग्नात बँड होता!"
मास्तर : "माझाच होता. घरचं कार्य, फुकट वाजवलं."
हसता हसता दूध उतू गेलं. अर्धा लिटर!!

९ जुलै
वकील चव्हाणांकडे. बसने. ते म्हणाले, जास्तीचे पैसे परत करावेच लागतील, हप्ते मागू. पण गुन्हा ठरायला फसवायचा हेतू दिसावा लागतो. अडचण एकच. नोव्हेंबरात बँकेत हयातीच्या दाखल्यावर वन्संची सही आहे आणि त्यात छापलंय, पुनर्विवाह केलेला नाही.
"जबाबाला फिकी साडी नेसा. बांगड्या नकोत. जरा बिचाऱ्या दिसा."
वन्सं : "बारा वर्षं बिचारीच दिसले. आता नाही दिसणार."
घरी येऊन देवापुढे साखर ठेवली.

१४ जुलै, संकष्टी
मोदक वळताना एकदम आठवलं. बँकेत मीच होते की सोबत! लग्नाला चार दिवस झालेले. वन्संचा अंगठा मशीनवर लागेना. मेंदी! पदराला पुसून पुसून थकल्या. शेवटी खिडकीवरच्या साहेबांनी कागद पुढे केला, "आजी, इथे सही." पेढे वाटले आम्ही तिथे.
वकिलांना फोन. म्हणाले, "तो माणूस हे कबूल करेल? त्याच्यावरच येईल."
गजानना, त्याला आठवू दे. आणि धीर दे.

२२ जुलै, मंगळवार
जबाब. वन्सं हिरवी साडी, कोपरापर्यंत हिरव्या बांगड्या. नथ मी काढायला लावली, तेवढीच ऐकली. दीपक बाकावर. पो. स्टेशनच्या मॅडमनी बँकेच्या साहेबांना बोलावलेलं. ते गोरेमोरे. "नावावरून नाही आठवत हो. इतके पेन्शनर येतात."
वन्संनी नुसता अंगठा पुढे केला.
"अरे! मेंदीवाल्या आजी!"
मग गडी सुटलाच. "मी विचारलं, आजी, कुणाचं लग्न? तर म्हणाल्या, माझंच! अख्खी रांग हसली. मला वाटलं, गंमत करतायत. पेढा खाल्ला आणि नेहमीसारखा कागद भरून दिला. त्यांच्याकडे चष्मा नव्हता. वाचून मीच दाखवायला हवं होतं."
खरं बोलला. देव त्याचं भलं करो.
मॅडम दीपककडे वळल्या, "लपवायचं असतं तर भर रांगेत सांगितलं असतं का?"
दीपक : "मला लग्नाचं माहीतच नव्हतं."
मास्तर : "दीपकराव, वरातीत दोनदा फर्माईश केलीत. तिसऱ्यांदा मलाच दम लागला."
मॅडमनी फाइल तोंडापुढे धरली. खांदे हलत होते.
निकाल मात्र नाही. कागद वरच्या साहेबांकडे. ते काय म्हणतील...
येताना वन्संनी सगळ्यांना उसाचा रस पाजला. मी नको म्हणत होते.

५ ऑगस्ट, मंगळवार
वन्संची पहिली मंगळागौर! साठी उलटल्यावर. आमच्याकडेच. एकादशीही आजच, म्हणून साबुदाणा वडे. पुरणाचा खर्च वाचला, गौरीचीच कृपा. पहिला हप्ता भरला, मास्तरांना गणपतीच्या मिरवणुकांचा विसार मिळाला त्यातून. खोलीवरून दीपक गप्प आहे. वरून अजून काही नाही.
मेंदी परत काढलीय. म्हटलं, "वन्सं, अंगठा घ्यायला बोलावलं तर?"
"तर येतील माझ्या हातावरचा रंग बघायला!"
वडे तळायला आत आले तर फोनवर वकिलांचे दोन कॉल येऊन गेलेले. झिम्म्यात कुणाला ऐकू जाणार! उलट केला, लागला नाही. ओट्यापाशी उभ्यानेच हे लिहितेय.
वन्संना सांगितलं. म्हणाल्या, "सुटले असेन तर उद्याही सुटलेलीच. नसेन तर आजची फुगडी कशाला सोडू? चल, माझ्यासमोर कुणी टिकत नाहीये."
दारात उभ्या आहेत, दोन्ही हात पुढे करून. फोन परत वाजतोय.
आधी फुगडी.