लेन्समधला रामनाथ

घाटकोपर,
१४ नोव्हेंबर १९८६

प्रिय जानकीताई,

नमस्कार. इथे सगळं ठीक. कुंदा पुन्हा शाळेत शिकवायला जाऊ लागली. तू पाठवलेली कोकमं पोचली. अण्णांचा खोकला कसा आहे?

भाऊबीजेला आलो नाही म्हणून रागावलीस. "हिमालयात जावक येळ गावता, भयणीकडे येवक नाय?" हे तुझं वाक्य कुंदाने मला वाचून दाखवलं. मला वाचता येत नव्हतं गं. दोन्ही डोळ्यांवर पट्टी होती.

घाबरू नकोस. आज सकाळी पट्टी निघाली. दिसतंय, अगदी स्वच्छ.

झालं असं. आमच्या मोहिमेतला रामनाथ, साकीनाक्याला लेथ चालवतो तो, शिखराखालच्या उतारावरून घसरला. बरोबरच्यांना वाटलं, गेला. मी समोरच्या कड्यावर लांबची लेन्स लावून शूटिंग करत होतो. तिच्यात तो मला एका कपारीत अडकलेला दिसला. हात हलत होता! त्यांना वरून काहीच दिसेना. मग मी वॉकीटॉकीवरून वाट सांगू लागलो. "डावीकडे. अजून खाली. थांबा, पुढे भेग आहे." गॉगल लावून नीट दिसेना, म्हणून काढून टाकला. नजर हटली असती तर त्या पांढऱ्या पसाऱ्यात तो पुन्हा सापडला नसता. दुपार कलली तेव्हा कुठे त्याला दोर बांधला.

संध्याकाळी डोळ्यांत वाळू भरल्यासारखी आग सुटली. बर्फावरच्या उन्हाने बुबुळं भाजली होती; पुढे ती जखम चिघळली. उजव्याचा भरवसा नाही, म्हणाले डॉक्टर. कॅमेरामनचा उजवा डोळा, ताई! मी कुंदाला विचारलं, "आता काय करायचं?"

"आधी जेव," म्हणाली. आणि घास भरवला.

काल रामनाथ कुबडी घेऊन आला. सुरमईचं कालवण ओरपलं आणि जाताना माझा हात घट्ट दाबला. निर्माता मात्र विचारतोय, "सुटकेचे शॉट कुठायत?" नाहीत. कॅमेऱ्याचं बटण दाबायचं सुचलंच नाही. अगं, इतक्या वर्षांत वाघ पाहिले, हिमकडे कोसळताना पाहिले, पण असलं काही पाहिलं नव्हतं.

पट्टीखाली मी एकेकाचा चेहरा आठवायचो. तुझा काही केल्या नीट येईना. तेव्हा मात्र भ्यालो.

रविवारी निघतोय. आल्यावर ओरड हवी तेवढी. पण आधी घडीभर समोर बस आणि मला बघू दे.

तुझा,
नंदू