चौथ्या प्रकरणातला अधिकारी

सर, तुमच्या स्मृतिव्याख्यानाला मी अमरावतीला गेले होते, आपल्याच कॉलेजात. विषय कॉलेजवाल्यांनीच ठरवून दिला: तुमच्या लेखनातली लोकशाही. मी अकोल्याला तुमचाच विषय शिकवते म्हणून बोलावलं, असं फोनवर सांगितलं. मला ते पटलं नाही. अध्यक्षस्थानी तो बसणार होता, तेव्हाच्या संस्थाध्यक्षांचा पुतण्या, आता स्वतःच संस्थाध्यक्ष. विद्यार्थी प्रतिनिधीच्या निवडणुकीत माझ्याविरुद्ध उभा होता तोच. तुमचं नाव यांना आता कशासाठी हवं होतं?

रविवारी आम्ही तुमच्या स्वयंपाकघरात जमायचो. मी तिवस्याहून घरच्या मळ्यातली मेथी आणायची, काकू ती निवडत बसायच्या आणि तुम्ही चहा टाकता टाकता बोलायचात. सत्ता दरवेळी काठी उगारत नाही, आपल्याला सवय लावते. माणूस मोकळा आहे, म्हणूनच ‘माझा नाइलाज होता’ असं त्याला म्हणता येत नाही. एकदा मी मान हलवतेय, आणि तुम्ही एकदम चिडता, ‘काहून मान हालवून राहिली? माझ्यावरबी संशय घे ना थोडा.’ सगळ्यांसमोर बोललात, मला रडू आलं होतं. मग ती निवडणूक झाली. निवडणूक अधिकारी तुम्हीच. मतमोजणी प्राचार्यांच्या खोलीत, दार लावून. तुम्ही बाहेर आलात, कागदावरून त्याचं नाव वाचलं आणि माझ्याकडे न पाहता निघून गेलात. होस्टेलच्या बहुतेक मुलींनी मला मत दिलं होतं. पुढच्या रविवारी मी विचारलं, ‘सर, मतं तुमच्यासमोर मोजली का?’ चहा उतू गेला. तो पुसत तुम्ही एवढंच म्हणालात, ‘मी सही केली.’

त्यानंतर मी यायचं बंद केलं. वर्ष संपताना मैत्रिणीच्या हाती तुम्ही तुमचं नवं पुस्तक पाठवलंत. चौथ्या प्रकरणात एक अधिकारी आहे. न पाहिलेल्या निकालावर तो सही करतो आणि आपण नुसता सही करणारा हात आहोत अशी स्वतःची समजूत घालतो. लोकशाही बुडवायला असा एक शांत माणूस पुरतो, असं तुम्ही लिहिलंय. वाचून माझं डोकं फिरलं. माझ्यावरचा अन्याय उदाहरण म्हणून वापरलात आणि तुम्ही स्वतः मात्र त्यात कुठेच नाहीत.

म्हणून त्या दिवशी सभागृहात मी सगळं सांगितलं, बंद दारासकट. अध्यक्ष हसले, म्हणाले, ‘मॅडमची स्मरणशक्ती दांडगी आहे,’ आणि मला शाल दिली. लोक टाळ्या वाजवत होते. काकू पहिल्या रांगेत होत्या, त्यांनी वाजवल्या नाहीत.

बाहेर पायऱ्यांवर त्यांनी माझा हात धरला. ‘बोलली ते बरं केलं. पण त्या पुस्तकात पहिले अधिकारी नव्हता. तिथं त्यायनं ‘मी’ लिहिलं होतं. म्याच म्हटलं, नोकरी जाईन, पोरं लहान हायेत. मंग त्यायनं खोडलं.’ हात न सोडता म्हणाल्या, ‘त्यायनं हातानं लिहिलेले कागद माळ्यावर हायेत अजून. पाहाले येतं का?’

‘पुढच्या वेळी येते,’ म्हणून मी ऑटोत बसले. अकोल्याच्या बसमध्ये मूर्तिजापूर आलं तरी मी तेच उलटसुलट करत होते. नवऱ्याची अब्रू झाकायला बाई पायऱ्यांवर उभ्या उभ्या एवढं रचू शकते. आणि खरं असेल, तर इतकी वर्षं तो दोष काकूंनी एकटीनं वागवला, आणि तुम्ही वागवू दिलात.

हे पत्र कुठे पाठवायचं म्हटलं तर पत्ता तुमच्या घराचाच आहे, आणि उघडतील त्या काकू. तेव्हा राहू दे. परवा विद्यापीठात काम होतं, दिवसभर अमरावतीत होते. ऑटो तुमच्या गल्लीसमोर थांबवला, आणि मग ऑटोवाल्याला चल म्हटलं. त्या कागदावर ‘मी’ निघाला नाही तर काय, याची मला भीती वाटते, सर.