मागच्या खोलीत कळलेलं

दि. ९ मार्च, सोमवार

प्रिय भाऊजींस,
अनेक आशीर्वाद. देवाच्या कृपेने इकडे सगळे ठीक. ह्यांचा खोकला बरा आहे. कागद जुन्या कॅलेंडरच्या पाठचा आहे. चांगला कोरा होता, टाकवेना. हसलात तरी चालेल.

दोन वर्षं झाली तुम्ही आला नाहीत. ह्या काळात मी चार पत्रं लिहिली, चारही हवापाण्याची. हे तसं नाही.

तुमची रीत मला पाठ होती. नवा विनोद आधी स्वयंपाकघरात मला ऐकवायचात आणि मग जेवताना सगळ्यांना. मी पहिली हसायची, म्हणजे बाकीच्यांना धीर यायचा. शेवटचे आलात त्या दुपारीही साहेब आणि कारकुनाचा ऐकवलात. "ऑफिसात झोपता? उद्यापासून येऊ नका!" "मग साहेब, मी झोपायला जाऊ कुठे?" हसता हसता माझ्या हातातलं पातेलं सुटलं होतं.

मग मी पानं मांडायची म्हणून ह्यांना बोलवायला मागच्या खोलीत गेले. हे शर्टही न बदलता खाटेवर बसलेले. म्हणाले, "गोदामातून काढलं. साहेब म्हणाले, उद्यापासून येऊ नका." एकवीस वर्षं गोदाम सांभाळलेला माणूस. "कोणाला बोलू नकोस. धाकट्याला तर नाहीच, तो मला मोठा समजतो." मी देवासमोर शब्द दिला.

तुम्हाला अडवायला सवडच मिळाली नाही. तुम्ही विनोद सांगितलात आणि माझ्याकडे पाहिलंत. मी ताटात पाहत राहिले. कोणीच हसलं नाही.

"अगं वहिनी, मघाशी तर पोट धरून हसलीस!"

"सारखं काय हसायचं? पोरकटपणा पुरे आता."

तुम्ही पानावरून उठलात. चूक तुमच्या विनोदाची नव्हती हो. सांगणारे तुम्हीच, ऐकणारी मीच. मधे एक वाक्य तेवढं माझ्या कानावर पडलं होतं.

आता हे एका दुकानात अर्धा दिवस जातात. जेवताना कधी तुमचे विनोद सांगतात. शेवट आधी सांगून टाकतात, मग स्वतःच गप्प होतात. परवा म्हणाले, "त्याच्या तोंडीच ते शोभतं." मी पाणी आणायला उठले.

दिलेला शब्द आज मोडला. देवाला सांगूनच बसले होते लिहायला.

एवढ्यात हे आले. "कोणाला लिहितेस?"

"भाऊजींना."

"सगळं लिहिलंस?"

"सगळं."

 मग म्हणाले, "दे, मीच टाकून येतो." पायात चपला घालून दारात उभे आहेत. टपालपेटी उघडायला अजून तास आहे म्हटलं, तरी आत येत नाहीत. म्हणून इथेच आवरते.

तुमच्यासाठी दारात ताटकळलेल्या दोघांकडून,
तुमची वहिनी